अमेरिकेतला आरोग्यविमा राज्याची वेस का ओलांडत नाही

अमेरिकेत नव्यानं आलेला मराठी माणूस आरोग्यविम्याबद्दल एक प्रश्न हमखास विचारतो: "अमुक कंपनीचा विमा चांगला आहे का हो?" प्रश्न साधा आहे, पण या देशात त्याला सरळ उत्तर नाही. तुम्ही कोणत्या राज्यात राहता, त्या राज्यातल्या कोणत्या काउंटीत (काउंटी म्हणजे साधारण आपला जिल्हा), आणि विमा नोकरीतून मिळालाय की स्वतः घेताय, हे कळल्याशिवाय नुसत्या नावावरून काही सांगता येत नाही. न्यू जर्सीत ज्या कंपनीच्या प्लॅनवर लोक खूश आहेत ती टेक्ससमध्ये वैयक्तिक विमा विकतच नसेल. विकत असली तर ह्यूस्टनमध्ये विकेल आणि दोन तासांवरच्या ग्रामीण काउंटीकडे ढुंकूनही बघणार नाही.

आपला गोंधळ होतो तो भारतातल्या सवयीमुळे. तिथे विम्यावर देखरेख ठेवणारी आयआरडीएआय ही एकच संस्था साऱ्या देशासाठी आहे. पुण्यात घेतलेली पॉलिसी नागपुरात चालते, चेन्नईतही चालते. फार तर महानगरात राहणाऱ्याला प्रीमियम थोडा जास्त पडतो. अमेरिकेत पन्नास राज्यं म्हणजे विम्याचे पन्नास बाजार, आणि राजधानी वॉशिंग्टन डीसी हा एक्कावन्नावा. प्रत्येकाचं विमा खातं वेगळं, कायदे वेगळे. पुण्याच्या परमिटवर मुंबईत रिक्षा चालवता येत नाही, तशातलाच हा प्रकार आहे.

हे असं का, याचं मूळ दीडशे वर्षांपूर्वीच्या एका खटल्यात आहे. न्यूयॉर्कच्या आगविमा कंपन्यांच्या पॉलिसी व्हर्जिनियात विकायला निघालेल्या एका एजंटला राज्यानं परवाना नाकारला, कारण कंपन्यांनी राज्याकडे अनामत ठेवली नव्हती. तो एजंट थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १८६९ साली हरला. विमा हा राज्याराज्यांमधला व्यापारच नाही, तेव्हा त्यावर राज्याचीच सत्ता, असा निकाल लागला. पुढे १९४४ मध्ये त्याच न्यायालयानं ही भूमिका फिरवली. पण तोवर राज्यांची विमा खाती चांगलीच रुजली होती, त्यांना कर मिळत होता, आणि कंपन्यांनाही जुनी व्यवस्था अंगवळणी पडली होती. वर्षभरात काँग्रेसनं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेनं, मॅकॅरन-फर्ग्युसन कायदा केला आणि विम्याचं नियमन राज्यांकडेच राहील असं लिहून टाकलं. १९४५ चा तो कायदा आजही लागू आहे. २०१० च्या अफोर्डेबल केअर कायद्यानं, म्हणजे सगळे ज्याला ओबामाकेअर म्हणतात त्यानं, देशभरासाठी काही किमान नियम घातले. आजार आहे म्हणून विमा नाकारायचा नाही, दहा प्रकारच्या सेवा द्यायच्याच, वगैरे. पण त्याखालचा पाया राज्यांचाच राहिला.

परवाना मिळाला म्हणजे काम झालं असं नाही

एखाद्या कंपनीला नव्या राज्यात शिरायचं असेल तर आधी त्या राज्याचा परवाना काढावा लागतो. क्लेम देण्याइतका पैसा बाजूला ठेवलाय हे दाखवावं लागतं. पॉलिसीचा मसुदा आणि दर राज्याकडे दाखल करावे लागतात, तेही दर वर्षी. राज्याचा अधिकार किती, हेही जागोजागी बदलतं. न्यूयॉर्कचं विमा खातं कंपनीनं मागितलेली दरवाढ कापू शकतं आणि बऱ्याचदा कापतं. कॅलिफोर्नियाच्या नियामकाला दरवाढ अवाजवी आहे असं जाहीर करता येतं, पण ती रद्द करता येत नाही. २०१४ मध्ये तो अधिकार द्यावा म्हणून तिथे जनमत घेतलं, लोकांनीच तो नाकारला. शिवाय कॅलिफोर्नियात आरोग्यविम्यासाठी नियामक एक नाही, दोन आहेत. तक्रार कुठे करायची हे आधी आपला प्लॅन कोणाच्या अखत्यारीत येतो ते शोधून ठरवायचं. सरकारी खात्यांची ही हौस जगात सगळीकडे सारखीच दिसते.

मग येतात राज्यानं सक्तीनं द्यायला लावलेल्या सोयी. मूल होण्यासाठीच्या आयव्हीएफ उपचाराचं घ्या. न्यूयॉर्कमध्ये मोठ्या कंपन्यांनी कर्मचाऱ्यांसाठी विकत घेतलेल्या विम्यात २०२० पासून आयव्हीएफच्या तीन फेऱ्या द्याव्याच लागतात. टेक्ससमध्ये विमा कंपनीनं ती सोय देऊ करायची एवढंच बंधन. घ्यायची की नाही हे नोकरी देणाऱ्यानं ठरवायचं. मॅसॅच्युसेट्समध्ये वंध्यत्वाच्या उपचारांची सक्ती १९८७ पासून आहे. त्यामुळे एकाच कंपनीच्या दोन राज्यांतल्या प्लॅनची माहितीपत्रकं शेजारी ठेवली तर रंग आणि लोगो सारखा दिसतो, आतला मजकूर मात्र वेगळा असतो.

दराचंही तसंच. केंद्राचा नियम असा की वयानं मोठ्या माणसाला तरुणापेक्षा जास्तीत जास्त तिप्पट प्रीमियम लावता येतो. मॅसॅच्युसेट्सनं ती मर्यादा दुपटीवर आणली आहे. न्यूयॉर्क आणि व्हरमाँटमध्ये तर वयानुसार दर लावताच येत नाही. एकवीस वर्षांचा मुलगा आणि चौसष्ट वर्षांच्या काकू एकाच प्लॅनला सारखेच पैसे भरतात. काकूंसाठी हे छान आहे. मुलगा मात्र वैतागतो, आणि प्रीमियमसाठी सरकारी सबसिडी मिळत नसेल तर विमाच घेत नाही. तंबाखू ओढणाऱ्याला दीडपट दर लावायची मुभा केंद्रानं दिली आहे, पण कॅलिफोर्निया, न्यूयॉर्क, न्यू जर्सी यांनी ती आपल्या हद्दीत बंद केली.

एकाच नावाच्या अनेक कंपन्या

सगळ्यात जास्त फसगत होते ती ब्लू क्रॉस ब्लू शील्ड या नावामुळे. लोकांना वाटतं ही देशभर पसरलेली एक बलाढ्य कंपनी आहे. प्रत्यक्षात ती तीसहून अधिक स्वतंत्र कंपन्यांची संघटना आहे. नाव आणि निळं चिन्ह सामायिक, धंदा ज्याचा त्याचा. न्यू जर्सीत ते नाव होरायझन नावाची कंपनी वापरते. टेक्सस, इलिनॉय, ओक्लाहोमा, न्यू मेक्सिको आणि मोंटाना इथले ब्लू प्लॅन शिकागोतल्या एका कंपनीच्या मालकीचे आहेत. अँथम या नावानं चालणारे ब्लू प्लॅन एलेव्हान्स हेल्थचे, आणि ते तिसऱ्याच राज्यांत. कॅलिफोर्नियात तर गंमतच आहे: अँथम ब्लू क्रॉस आणि ब्लू शील्ड ऑफ कॅलिफोर्निया या तिथे दोन वेगळ्या कंपन्या आहेत आणि एकमेकींचे ग्राहक पळवायच्या मागे असतात.

या संघटनेच्या कंपन्यांनी आपसात एक करार केला आहे, त्यामुळे काही प्लॅनचे ग्राहक दुसऱ्या राज्यातल्या ब्लू नेटवर्कचे, म्हणजे तिथल्या ब्लू कंपनीशी करार केलेले, डॉक्टर वापरू शकतात. तुमचा प्लॅन त्यात बसतो का हे कार्डावरच कळतं. कार्डाच्या एका कोपऱ्यात लहानशी सुटकेस छापलेली असते, आपण तिच्याकडे कधी लक्ष देत नाही. त्या सुटकेसमध्ये पीपीओ (नेटवर्कबाहेरच्या डॉक्टरांचाही काही खर्च देणारा प्लॅन) ही अक्षरं असतील तर परराज्यातही नेटवर्कचे डॉक्टर मिळतात. सुटकेस रिकामी असेल तर परराज्यातली सोय मर्यादित आहे असं समजून आधी फोन करावा. आणि सुटकेसच नसेल तर राज्याबाहेर इमर्जन्सी सोडून काही धरून चालू नये.

कैसर पर्मनेन्टेचं गणित याहून सरळ आहे. त्यांची इस्पितळं, डॉक्टर आणि विमा हे सगळं एकाच घरातलं. कॅलिफोर्नियात कैसरवर जीव ओवाळून टाकणारे मराठी लोक भरपूर भेटतील. पण कैसर आहे आठ राज्यांत आणि डीसीत. जिथे त्यांची स्वतःची इमारत उभी नाही तिथे त्यांचा विमाही नाही. बे एरियातून ऑस्टिनला बदली झाली की तो अध्याय संपला.

काउंटीत कोणी यायलाच तयार नसेल तर?

राज्य हे फक्त पहिलं कुंपण. त्याच्या आत दुसरं असतं ते काउंटीचं, आणि माझ्या मते खरा खेळ तिथेच चालतो. विमा कंपनी राज्याचा परवाना घेऊनही सगळ्या काउंट्यांत विकत नाही. दर ठरवण्यासाठी राज्याचे भाग पाडलेले असतात. कॅलिफोर्नियात असे १९ भाग आहेत. फ्लोरिडात प्रत्येक काउंटी हा एक भाग, म्हणजे ६७. न्यू जर्सी लहान, तिथे अख्खं राज्य मिळून एकच.

कंपनी एखादी काउंटी का टाळते हे समजून घ्यायचं तर तिच्या जागी बसून बघावं. विमा विकायचा म्हणजे आधी डॉक्टरांचं आणि इस्पितळांचं जाळं उभं करायला हवं. किती अंतरात किती डॉक्टर हवेत याचेही नियम आहेत. प्रत्येकाशी दर ठरवून करार करायचे. ग्रामीण काउंटीत इस्पितळ एकच असतं. त्याला माहीत असतं की माझ्याशिवाय तुमचं पान हलणार नाही, मग ते दर चढे सांगतं. शहरात चार इस्पितळं असतात, एकानं ताणलं तर दुसऱ्याकडे जाता येतं. त्यात ग्रामीण काउंटीत स्वतः विमा घेणारे ग्राहक मोजके. शे-पाचशे लोकांच्या गटात एक जण गंभीर आजारी पडला की वर्षभराचा हिशेब कोलमडतो.

आयोवाचं उदाहरण यासाठी प्रसिद्ध आहे. तिथल्या वेलमार्क या मोठ्या विमा कंपनीनं सांगितलं होतं की वैयक्तिक विम्याच्या गटातल्या एका हिमोफिलियाच्या (रक्त नीट न गोठण्याच्या आजाराच्या) रुग्णाच्या उपचारांना महिन्याला सुमारे दहा लाख डॉलर लागतात. एका माणसाचा हा खर्च राज्यभरातल्या त्या गटाच्या प्रीमियमवर बसत होता. यात रुग्णाचा काय दोष? कंपनीला नावं ठेवणं सोपं आहे, पण आकडे तिच्याही हातात नव्हते. गट इतका लहान आणि खर्च इतका मोठा की कोणीही हात वर केले असते. २०१८ सालासाठी वेलमार्कनं त्या बाजारातून अंग काढून घेतलं, एट्ना ही दुसरी मोठी कंपनीही गेली, आणि राज्यभरात मेडिका ही एकच कंपनी उरली. पुढच्या वर्षी वेलमार्क परत आली, हेही सांगायला हवं. हा बाजार असाच आत-बाहेर करत असतो.

त्याआधी, २०१६ मध्ये, ॲरिझोनातल्या पिनाल काउंटीवर याहून वाईट वेळ आली होती. फिनिक्स आणि टूसॉन या दोन मोठ्या शहरांच्या मधली ही काउंटी, म्हणजे काही आडरान नव्हे. पण एकामागून एक कंपन्यांनी माघार घेतली आणि पुढच्या वर्षासाठी मार्केटप्लेसवर, म्हणजे स्वतः विमा घेणाऱ्यांसाठीच्या सरकारी संकेतस्थळावर, एकही प्लॅन उरला नाही. सरकारची सबसिडी फक्त मार्केटप्लेसवरच्या प्लॅनला मिळते, त्यामुळे प्लॅनच नाही म्हणजे सबसिडी असूनही नसल्यासारखी. सप्टेंबरमध्ये ॲरिझोनाच्या ब्लू क्रॉस ब्लू शील्डनं तिथे विकायचं मान्य केलं तेव्हा प्रश्न सुटला. वर्षभरानं पुन्हा तीच धास्ती, या वेळी अनेक राज्यांत. सगळ्यात शेवटी राहिली ओहायोतली पॉल्डिंग काउंटी. ऑगस्ट २०१७ मध्ये केअरसोर्स नावाची कंपनी तिथे गेली आणि देशात एकही काउंटी रिकामी राहिली नाही. तरी २०१८ साली देशातल्या सुमारे निम्म्या काउंट्यांत मार्केटप्लेसवर एकच कंपनी होती. एकच दुकान असलेल्या गावात घासाघीस कशी होणार?

नंतरच्या काळात स्थिती बरीच सुधारली. २०२१ पासून सबसिडी वाढली, ग्राहक वाढले, कंपन्या परतल्या. पण ती वाढीव सबसिडी २०२५ अखेरपर्यंतचीच होती, आणि ती संपायच्या आधीच, मे २०२५ मध्ये, एट्नानं जाहीर केलं की २०२६ पासून आम्ही वैयक्तिक विम्याच्या मार्केटप्लेसमध्ये नाही. सतरा राज्यांतल्या सुमारे दहा लाख ग्राहकांना दुसरा प्लॅन शोधावा लागला. गेल्या वर्षीचा प्लॅन आपोआप चालू राहील असं धरून चालणाऱ्यांची अशा वेळी धावपळ होते. म्हणून दर नोव्हेंबरात एकदा तरी यादी उघडून बघावी.

काही राज्यांनी हातपाय हलवले, तेही सांगतो. अलास्कात २०१७ साली एकच कंपनी उरली होती आणि दरवाढ चाळीस टक्क्यांच्या वर जाणार अशी चिन्हं होती. राज्यानं साडेपाच कोटी डॉलरचा निधी काढून सगळ्यात महागड्या रुग्णांचा खर्च त्यातून भागवला. दरवाढ सात-साडेसात टक्क्यांवर आली. नंतर केंद्रानं परवानगी आणि पैसाही दिला, आणि इतर अनेक राज्यांनी हाच मार्ग धरला.

यावर निवडणुकीच्या प्रत्येक हंगामात एक उपाय ऐकू येतो: कंपन्यांना राज्याची सीमा ओलांडून विमा विकू द्या, स्पर्धा वाढेल, दर उतरतील. ऐकायला पटतं. जॉर्जिया, मेन आणि वायोमिंगनं तसे कायदेही केले. एकही परराज्यातली कंपनी आली नाही. कारण वर सांगितलं तेच आहे. अडचण परवान्याची कमी, नेटवर्कची जास्त. अलाबामातल्या कंपनीचा स्वस्त प्लॅन मेनमध्ये विकता येईल, पण मेनमधल्या डॉक्टरांशी करार कोण करणार? अलाबामाचे दर मेनचं इस्पितळ स्वीकारणार नाही. विम्याचा कागद सीमेपलीकडे नेता येतो, इस्पितळ नेता येत नाही.

नोकरीतून मिळालेल्या विम्याला राज्याचे नियम लागू होतात का?

आपल्याकडच्या बहुतेकांचा विमा नोकरीतून येतो, तेव्हा वाटेल की हे सगळं आपल्याला लागूच नाही. अर्धवट खरं आहे. मोठ्या कंपन्या बहुधा विमा विकत घेत नाहीत. कर्मचाऱ्यांच्या औषधपाण्याचा खर्च त्या स्वतःच्या तिजोरीतून करतात आणि विमा कंपनीला फक्त कार्ड छापायचं, क्लेम बघायचं आणि नेटवर्क पुरवायचं काम देतात. नोकरीतून विमा असलेल्या निम्म्याहून बऱ्याच जास्त लोकांचे प्लॅन असे आहेत. १९७४ च्या एरिसा या केंद्रीय कायद्यामुळे अशा प्लॅनना राज्याचे विमा नियम लागू होत नाहीत. म्हणून सिअ‍ॅटलचा आणि अटलांटाचा सहकारी एकाच प्लॅनवर असू शकतात. पण म्हणूनच न्यूयॉर्कचा आयव्हीएफचा कायदा तुमच्या मालकाच्या प्लॅनला लावून घेता येत नाही, आणि क्लेम नाकारला तर राज्याचं विमा खातं म्हणतं, हे आमच्याकडे येत नाही, केंद्राच्या कामगार खात्याकडे जा.

आपला प्लॅन कोणत्या जातीचा हे एचआरला विचारावं. टेक्ससमध्ये तेवढीही गरज नाही: राज्याच्या नियमांखाली येणाऱ्या प्लॅनच्या कार्डावर टीडीआय किंवा डीओआय ही (राज्याच्या विमा खात्याची) आद्याक्षरं छापणं तिथे सक्तीचं आहे. ती दिसली नाहीत तर प्लॅन बहुतेक मालकाच्या पैशावर चालणारा.

हवाई हे राज्य मात्र अपवादाचा अपवाद. १९७४ सालीच तिथे कायदा झाला की आठवड्याला वीस तास किंवा जास्त काम करणाऱ्याला मालकानं विमा द्यायचाच, आणि काँग्रेसनं पुढे त्या कायद्याला एरिसातून सूट दिली. असं दुसऱ्या कोणत्याही राज्याला जमलेलं नाही.

उत्पन्न कमी असेल तर सीमा आणखी बोचते

गरिबांसाठीची मेडिकेड योजना केंद्र आणि राज्य मिळून चालवतात. ओबामाकेअरचा मूळ बेत असा होता की दारिद्र्यरेषेच्या १३८ टक्क्यांपर्यंत उत्पन्न असलेल्या प्रत्येक प्रौढाला ती मिळावी. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ठरवलं की राज्यांवर याची सक्ती करता येणार नाही. आज चाळीस राज्यांनी आणि डीसीनं ती व्याप्ती स्वीकारली आहे. टेक्सस, फ्लोरिडा, जॉर्जिया, टेनेसी यांच्यासह दहांनी नाही.

याचा परिणाम एका माणसावर काय होतो ते बघा. एकटा माणूस, मूलबाळ नाही, नोकरी गेलेली, वर्षाचं उत्पन्न १२,००० डॉलर. २०२५ ची दारिद्र्यरेषा एकट्यासाठी १५,६५० डॉलर होती. न्यू जर्सीत असेल तर त्याला मेडिकेड मिळू शकतं. टेक्ससमध्ये तो धडधाकट आणि निपुत्रिक असल्यानं मेडिकेड नाही. मार्केटप्लेसची सबसिडी दारिद्र्यरेषेच्या वर सुरू होते, म्हणून तीही नाही. कायदा लिहिणाऱ्यांनी धरलंच होतं की इतक्या गरिबाला मेडिकेड असणारच. उलट उत्पन्न २०,००० असतं तर टेक्ससमध्येही सबसिडी मिळाली असती. कमी कमावतो म्हणून मदत नाही, यात मला तरी कुठलंच शहाणपण दिसत नाही. (विस्कॉन्सिननं व्याप्ती वाढवली नसली तरी दारिद्र्यरेषेपर्यंत सगळ्या प्रौढांना सामावून घेतलं आहे, तिथे ही दरी नाही.)

हे उदाहरण नागरिकाचं धरलं आहे. ग्रीन कार्डधारकाला मेडिकेडसाठी साधारणपणे पाच वर्षं थांबावं लागतं. काही राज्यं लहान मुलांना आणि गरोदर बायकांना त्यातून सूट देतात. एच-१बीवर असलेल्यांना मार्केटप्लेसवर विमा घेता येतो, पण २०२५ च्या केंद्रीय कायद्यानुसार त्यांची सबसिडी २०२७ पासून बंद होणार आहे.

एडिसनहून फ्रिस्कोला

आता समजा एक मराठी कुटुंब न्यू जर्सीतल्या एडिसनहून टेक्ससमधल्या फ्रिस्कोला चाललंय. नवरा-बायको दोघांचा छोटा स्वतंत्र व्यवसाय, विमा मार्केटप्लेसवरून घेतलेला, मोठी मुलगी कॉलेजात.

न्यू जर्सीत मार्केटप्लेस राज्याचं स्वतःचं आहे, गेट कव्हर्ड न्यू जर्सी. टेक्सस केंद्राचं हेल्थकेअर डॉट गव्ह वापरतं. एकीकडचं खातं दुसरीकडे जात नाही. जुना प्लॅन आपणच बंद करायचा, नव्या ठिकाणी नव्यानं अर्ज करायचा. न्यू जर्सी केंद्राच्या सबसिडीवर स्वतःची थोडी भर घालते, टेक्सस घालत नाही. विमा नसेल तर न्यू जर्सी राज्याच्या करात दंड लावते, टेक्ससमध्ये दंड नाही.

राज्य बदललं की वर्षाच्या मध्येही नवा प्लॅन घेता येतो, पण त्यासाठी स्थलांतरापासून साठ दिवसांची मुदत असते, आणि आधीच्या साठ दिवसांत निदान एक दिवस तरी विमा असावा लागतो. पैसे वाचवायला म्हणून निघायच्या तीन महिने आधी विमा बंद करणारे इथेच अडकतात. साठ दिवस हुकले तर थेट वर्षअखेरीच्या नोंदणीची वाट बघायची.

फ्रिस्को शहराचा काही भाग कॉलिन काउंटीत आणि काही डेंटन काउंटीत येतो. म्हणून अर्जात झिप कोड टाकल्यावर काउंटी विचारली तर अंदाजानं टिचकी मारू नये. घर भाड्यानं घ्यायच्या आधीच पत्ता टाकून प्लॅनची यादी बघता येते, त्यासाठी खातं उघडावं लागत नाही. यादीत पीपीओ शोधायला गेलात तर निराशा होईल. टेक्ससच्या ब्लू क्रॉस ब्लू शील्डनं वैयक्तिक विम्यातले पीपीओ प्लॅन २०१६ पासूनच बंद केले. आता मुख्यतः एचएमओ आणि ईपीओ दिसतात, म्हणजे नेटवर्कबाहेर गेलात तर खर्च तुमचा.

पैशाच्या दृष्टीनं सगळ्यात जास्त लागतं ते डिडक्टिबल, म्हणजे विमा पैसे द्यायला लागण्याआधी दर वर्षी आपण स्वतः भरायची रक्कम. समजा बाईंची ऑगस्टपर्यंत शस्त्रक्रिया होऊन गेली आणि न्यू जर्सीच्या प्लॅनचं ३,००० डॉलरचं डिडक्टिबल भरून झालं. सप्टेंबरात टेक्ससचा प्लॅन सुरू झाला की मीटर पुन्हा शून्यावर. उरलेल्या चार महिन्यांसाठी नवं डिडक्टिबल, आणि जानेवारीत परत शून्य. ठरवून करायच्या तपासण्या, फिजिओथेरपी, मुलांचे चष्मे असं जे काही उरकता येण्यासारखं असेल ते निघायच्या आधी उरकून घ्यावं.

मुलगी मागे न्यू जर्सीत रटगर्स विद्यापीठात राहिली तर तिचा प्रश्न वेगळा. सव्वीस वर्षांपर्यंत ती आई-वडिलांच्या प्लॅनवर राहू शकते, पण टेक्ससच्या एचएमओचे डॉक्टर न्यू जर्सीत नाहीत. मध्यरात्री अपेंडिक्स दुखायला लागलं तर इमर्जन्सीचा खर्च कोणत्याही राज्यात नेटवर्कच्या दरानंच धरावा लागतो. २०२२ पासून लागू झालेल्या नो सर्प्रायझेस कायद्यानं इस्पितळाला वरचं बिल तिच्या गळ्यात मारता येत नाही. रस्त्यावरची ॲम्ब्युलन्स मात्र या कायद्यात नाही, तिचं बिल येऊ शकतं. आणि टाके काढायला, पुढच्या तपासणीला जायचं तर ती इमर्जन्सी नव्हे. अशा वेळी विद्यापीठाचा विद्यार्थी विमा महाग वाटला तरी बहुतेकदा परवडतो.

राहता राहिले ग्रीन कार्डवर आलेले आई-बाबा. पासष्टी ओलांडलेल्यांना सलग पाच वर्षं इथे राहिल्यावर प्रीमियम भरून मेडिकेअर, म्हणजे ज्येष्ठांसाठीचा केंद्राचा विमा, घेता येतं. मूळ मेडिकेअर देशभर सारखंच, ते घेणाऱ्या कुठल्याही डॉक्टरकडे चालतं. पण त्याऐवजी खासगी कंपनीचा मेडिकेअर ॲडव्हान्टेज प्लॅन घेतला की पुन्हा काउंटी आलीच. शून्य प्रीमियम, वर दात आणि चष्म्याची सोय, यामुळे हे प्लॅन आकर्षक दिसतात. मूळ मेडिकेअरच्या जोडीला घ्यायची, त्यातून न भागणारा खर्च उचलणारी मेडिगॅप पॉलिसी न्यूयॉर्क आणि कनेक्टिकटमध्ये वर्षभरात केव्हाही, तब्येतीची चौकशी न होता मिळते. बऱ्याच राज्यांत मेडिकेअर सुरू झाल्यापासूनचे पहिले सहा महिने हुकले तर कंपनी आजार बघून नाकारू शकते. आणि दर हिवाळ्यात भारतात जाणाऱ्या आई-बाबांसाठी आणखी एक कलम आहे: ॲडव्हान्टेज प्लॅनच्या हद्दीबाहेर सलग सहा महिन्यांपेक्षा जास्त राहिलं तर बहुतेक प्लॅन नाव कमी करतात. भारतातल्या उपचारांना मेडिकेअर तसंही पैसे देत नाही. तेव्हा परतीचं तिकीट साडेसहा महिन्यांनंतरचं असेल तर ते काढायच्या आधी कार्डामागच्या नंबरवर फोन करून आपल्या प्लॅनची मुदत विचारून घ्यावी.